मुसद्दीलाल आणि आपली रांग



२००१ साली सब टीव्हीवर ‘ऑफिस ऑफिस’ ही हिंदी मालिका सुरू झाली. पुष्कळ जणींनी पाहिली असेल. पंकज कपूर यांचा मुसद्दीलाल साध्या कामासाठी कचेरीत जातो आणि या टेबलावरून त्या टेबलावर फिरत राहतो. टेबलामागच्या उषा मॅडम म्हणजे आपल्या आसावरी जोशी. गंमत अशी की दर भागात कचेरी बदलते, पण टेबलामागची माणसं तीच! २०११ मध्ये याच मुसद्दीवर सिनेमा आला. त्यात तो कागदावर मेलेला असतो आणि जिवंत असल्याचा पुरावा शोधत फिरतो.

आपण पोट धरून हसलो. पण आमच्या गटातल्या एका काकू उत्पन्नाच्या दाखल्यासाठी चार खेपा करून आल्या, तेव्हा हसू आलं नाही. चार दिवसांची मजुरी बुडाली, वर तिकिटाचे पैसे. मी म्हटलं, “काकू, दाखला कधी मिळेल ते विचारलं नाही?” त्या म्हणाल्या, “सारेच गुमान उभे होते वं ताई, मीच काऊन बोलू?”

मैत्रिणींनो, खरी गोम इथंच आहे. साहेब विचित्र वागतात हे अर्धंच झालं. सगळे गप्प म्हणून आपणही गप्प, सगळे चहापाण्याचे देतात म्हणून आपणही देतो, हे उरलेलं अर्धं.

महाराष्ट्रात २०१५ पासून लोकसेवा हक्क कायदा आहे. कोणती सेवा किती दिवसांत, किती फी घेऊन आणि कोणता अधिकारी देणार, हे कचेरीत फलकावर लावावं लागतं. अर्ज दिला की तारखेची पोच मागा. नाकारला तर कारण लेखी मागा. मुदतीत काम झालं नाही तर ३० दिवसांत वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येतं. कसूर ठरली तर अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो.

पाचव्या खेपेला काकूंसोबत आम्ही तिघी गेलो. भांडलो नाही. फलक वाचला, पोच मागितली. पोच मिळाली, पुढं दाखलाही मिळाला.

मुसद्दीलाल बिचारा एकटाच असायचा. आपण गटात दहा जणी आहोत. येत्या बैठकीत हप्ते जमा झाले की एवढं विचारा, “कोणाचं काम कुठं अडलं आहे?” आणि तिच्यासोबत कोण जाणार, हे तिथंच ठरवा.