काय वाचावे आणि कशासाठी वाचावे ?

(विहाराच्या वर्धापनदिनी झालेल्या भाषणाचा मजकूर)



समाज, राज्यकारभार आणि राजकारण समजून घेण्यासाठी आपण काय वाचावे, या विषयावर मी बोलावे असे समितीने सुचविले. मी आज अर्धा तास लवकर आलो. म्हटले, विहाराच्या कपाटात कोणती पुस्तके आहेत ती आधी पाहून घ्यावी. कपाट छान आहे. वर बाबासाहेबांचा फोटो आहे, फोटोला ताजा हार आहे. पण किल्ली काही सापडली नाही. अध्यक्षसाहेब म्हणाले सचिवांकडे असेल, सचिव म्हणाले मागच्या १४ एप्रिलला होती. तुम्ही हसता आहात, मीही हसलो. यात कोणाला दोष देत नाही. माझ्या घरचे कपाटही पुष्कळ वर्षे असेच बंद होते. म्हणून आज जे सांगणार आहे, ते आधी स्वतःला सांगतो आहे असे समजा.

माझे वडील निरक्षर होते. दिवसभर विड्या वळायच्या, पावसाळ्यात रोवणीला जायचे. पण वर्षावासाच्या तीन महिन्यांत ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ हा ग्रंथ घरी वाचला गेलाच पाहिजे, हा त्यांचा नियम. मी सातवीत असेन. कंदिलाच्या उजेडात मी वाचायचो आणि दर दोन-चार ओळींनंतर ते मला थांबवायचे. विचारायचे, “म्हंजे का, बाबू ?” मला अर्थ सांगता आला नाही तर तीच ओळ पुन्हा वाचावी लागे. तेव्हा मला त्यांचा राग यायचा. आज वाटते, वाचायचे कसे हे मला शाळेने शिकवले नाही, एका निरक्षर माणसाने शिकवले.

पुढे मी शिक्षक झालो. नोकरीत असताना एका गावी ग्रामसभेला गेलो होतो. वही फिरत माझ्याकडे आली. सगळ्यांनी सह्या केल्या, मीही केली. सह्या आधी आणि ठराव नंतर, असा तिथला रिवाज होता. दोन महिन्यांनी आपल्याच वस्तीतल्या एक म्हाताऱ्या बाई मला म्हणाल्या, “गुरुजी, रस्ता आमच्या मोहल्ल्यापर्यंत येणार होता, तो पारापाशीच थांबला. ठरावावर तुमची सही हाय म्हणतात.” बंधूंनो, मी पदवीधर माणूस. बाबासाहेबांवर भाषणे देत होतो. आणि न वाचता सही करून बसलो होतो. त्या दिवसापासून मला कळले की राजकारणावरचे वाचन ही काही विद्वानांची हौस नाही. आपल्या दारापर्यंत रस्ता येणार की नाही, याच्याशी त्याचा संबंध आहे.

आता आपल्या जिल्ह्याची एक गोष्ट. मुलांना ती ठाऊक असावी म्हणून सांगतो. १९५२ च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत बाबासाहेब मुंबईतून पराभूत झाले. नंतर १९५४ साली भंडारा मतदारसंघात पोटनिवडणूक झाली, तेव्हा ते येथून उभे राहिले. त्या काळी या मतदारसंघातून दोन खासदार निवडले जात, एक सर्वसाधारण जागेवर आणि एक राखीव जागेवर. प्रत्येक मतदाराला दोन मते होती. जुनी माणसे सांगतात की काही कार्यकर्त्यांचा विचार होता, आपल्या लोकांनी एक मत बाबासाहेबांना द्यावे आणि दुसरे कोणालाच देऊ नये. बाबासाहेबांना ते पसंत पडले नाही. दोन्ही मते वापरा, मत वाया घालवू नका, असे त्यांनी सांगितले. सर्वसाधारण जागेवर अशोक मेहता निवडून आले. राखीव जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर निवडून आले आणि बाबासाहेब सुमारे आठ हजार मतांनी हरले.

हरणे समोर दिसत असताना हा माणूस नियम का सोडत नाही, याचे उत्तर ज्याला हवे आहे त्याने पहिले वाचन करावे ते बाबासाहेबांच्या २५ नोव्हेंबर १९४९ च्या संविधान सभेतील भाषणाचे. पुस्तकही नको, केवळ एक भाषण. सावकाश वाचले तरी तास-दीड तासात होते. त्यात त्यांनी तीन इशारे दिले आहेत. आपली उद्दिष्टे संविधानाच्या मार्गानेच मिळवा. कितीही मोठा माणूस असो, आपले स्वातंत्र्य त्याच्या पायाशी वाहू नका. आणि केवळ राजकीय लोकशाहीवर समाधान मानू नका, ती सामाजिक लोकशाही झाली पाहिजे. दुसरा इशारा आपल्याला विशेष लागू आहे. ज्यांनी व्यक्तिपूजेविरुद्ध सांगितले, त्यांच्याच फोटोला हार घालून आपण त्यांचे पुस्तक कुलुपात ठेवतो !

याच भाषणात बाबासाहेबांनी आठवण करून दिली की लोकशाही या देशाला नवी नाही. भिक्षुसंघात सभेचे नियम होते, बैठकीची पद्धत होती, ठराव मांडण्याची रीत होती, गणपूर्ती होती, मतमोजणी होती. तथागतांनी वज्जींच्या बाबतीत काय सांगितले, हे भन्तेजींकडून आपण ऐकले आहे. अजातशत्रूचा मंत्री वस्सकार विचारायला आला, तेव्हा तथागतांनी वज्जींच्या सैन्याची गोष्ट काढली नाही. ते वारंवार एकत्र जमतात का, एकोप्याने जमून एकोप्याने उठतात का, हे विचारले. मला विचाराल तर ग्रामसभेवरचा याहून जुना धडा मला माहीत नाही. तेव्हा विहारात राजकारणाची पुस्तके कशाला, असे कोणी म्हटले तर त्याला हे सांगावे.

दुसरे पुस्तक, ‘जातिप्रथेचे विध्वंसन’. हेसुद्धा एक भाषणच आहे, पण न झालेले भाषण. लाहोरच्या जात-पात-तोडक मंडळाने १९३६ साली बाबासाहेबांना अध्यक्ष म्हणून बोलावले. भाषणाचा मजकूर पाहिल्यावर मंडळाचे लोक बिचकले आणि काही भाग गाळा म्हणू लागले. बाबासाहेबांनी नकार दिला, परिषदच रद्द झाली. मग त्यांनी ते स्वखर्चाने छापले. गांधीजींनी त्यावर ‘हरिजन’मध्ये टीका केली. तेव्हा बाबासाहेबांनी काय केले ? पुढच्या वर्षी दुसरी आवृत्ती काढली, तीत गांधीजींची टीका छापली आणि सोबत आपले उत्तर छापले. विद्यार्थ्यांनो, हे लक्षात ठेवा. विरोधकाचे म्हणणे पूर्ण वाचून, ते दुसऱ्यालाही वाचायला देऊन मग उत्तर द्यायचे. मोबाईलवर आलेली दोन ओळींची पोस्ट न वाचताच पुढे ढकलणे म्हणजे वाचन नव्हे.

तिसरे, ‘राज्ये आणि अल्पसंख्याक’. शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनच्या वतीने संविधान सभेला देण्यासाठी बाबासाहेबांनी १९४७ साली हे निवेदन तयार केले. महत्त्वाचे उद्योग राज्याच्या मालकीचे असावेत, विमा सरकारने चालवावा, जमीन राज्याची असावी आणि गावच्या लोकांना जातपात न पाहता सामुदायिक पद्धतीने कसायला द्यावी, आणि हे सारे संविधानातच लिहावे म्हणजे उद्याचे बहुमत ते सहज बदलणार नाही, अशी त्यातली मांडणी आहे. ती पटो न पटो. परंतु ज्यांच्या घरी धानाची बांधी स्वतःच्या नावावर नाही, जे दुसऱ्याच्या बांधीत रोवणी करतात, त्यांनी हे पुस्तक वाचले नाही तर कोणी वाचायचे ?

चौथे, महात्मा फुल्यांची दोन पुस्तके. ‘गुलामगिरी’ १८७३ चे. ते त्यांनी अमेरिकेतल्या, काळ्या लोकांना गुलामीतून सोडवणाऱ्या सज्जनांना अर्पण केले. भंडाऱ्यातला शेतमजूर आणि अमेरिकेतला गुलाम यांचे दुःख एक आहे, हे ज्याला दीडशे वर्षांपूर्वी दिसले त्याची नजर केवढी ! दुसरे ‘शेतकऱ्याचा असूड’, १८८३ चे. सारा, कर्ज, शिक्षण आणि नोकरशाही शेतकऱ्याला कशी पिळते, ते त्यात आहे.

माता-भगिनींसाठी, आणि खरे तर पुरुषांसाठी अधिक, दोन पुस्तके सांगतो. आपल्या विदर्भातल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांची ‘स्त्रीपुरुष तुलना’ १८८२ ची आहे. आणि ऊर्मिला पवार व मीनाक्षी मून यांनी लिहिलेले ‘आम्हीही इतिहास घडवला’ १९८९ साली आले. आंबेडकरी चळवळीत आपल्या आया-आज्यांनी काय काय केले, हे त्यात शोधून लिहिले आहे. आज महाराष्ट्रात पंचायतीच्या निम्म्या जागा महिलांसाठी आहेत. पण सरपंचबाई खुर्चीत आणि कारभार नवऱ्याच्या खिशात, असे कुठे दिसले तर तिथे हे पुस्तक भेट द्यावे.

पाचवे वाचन अवघड आहे, पण टाळता येणार नाही. ते म्हणजे स्वतः संविधान आणि कायदे. स्पर्धा परीक्षेची आपली मुले फटाफट सांगतात, कलम १७ म्हणजे अस्पृश्यता नष्ट, ७३ वी घटनादुरुस्ती म्हणजे पंचायत राज. शाबास ! पण परीक्षेचा आकडा पाठ असणे वेगळे आणि कायदा वाचता येणे वेगळे.

हे मी का म्हणतो ? आपल्याच जिल्ह्यात, मोहाडी तालुक्यात, खैरलांजी येथे २९ सप्टेंबर २००६ रोजी एका बौद्ध कुटुंबातील आई, मुलगी आणि दोन मुलगे यांची हत्या झाली. ते दुःख या सभेत बसलेल्या कोणालाही नव्याने सांगायला नको. २००८ साली भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवले, परंतु अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालचा आरोप सिद्ध मानला नाही. २०१० साली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठातही ते तसेच राहिले. त्या १९८९ च्या कायद्यात, गंभीर गुन्ह्यांसंबंधीच्या कलमात, अशी अट होती की पीडित व्यक्ती अनुसूचित जाती-जमातीची आहे ‘या कारणावरून’ गुन्हा घडलेला असला पाहिजे. गुन्हेगाराच्या मनातले कारण सिद्ध करायचे कसे ? २०१५ साली संसदेने दुरुस्ती केली, ती २६ जानेवारी २०१६ पासून लागू झाली. आता ती व्यक्ती अनुसूचित जाती-जमातीची आहे ‘हे ठाऊक असताना’ गुन्हा केला तरी कलम लागते. बघा, दोन-तीन शब्दांचा फरक ! पण त्या दोन-तीन शब्दांवर न्यायाचे पारडे इकडचे तिकडे होते. पोलीस ठाण्यात फिर्याद लिहिली जाते तेव्हा आपल्यातला एक जण तरी तिथे असा हवा, जो लिहिलेले वाचून दाखवा म्हणेल, आणि “म्हणजे काय” असे विचारील.

मोर्चा काढू नका असे मी म्हणत नाही. मोर्चा हवाच. पण मोर्चाच्या हातात जे निवेदन असते, ते लिहिणारा आणि वाचणारा माणूस विहारात तयार झाला पाहिजे.

आता पुस्तके मिळवायची कुठून ? महाराष्ट्र शासनाने १९७९ पासून बाबासाहेबांचे लेखन आणि भाषणे खंडशः प्रसिद्ध केली. नागपूरच्या वसंत मून यांनी त्या कामात आयुष्य घातले. बरेच खंड इंग्रजीत आहेत, पण अठराव्या खंडात मराठी भाषणे आहेत. आपल्या आजोबांना समजावीत अशा भाषेत ती केलेली आहेत, तेव्हा आपल्यालाही समजतील. मराठीतले संविधान अल्प किंमतीत मिळते. एका लग्नातल्या बँडच्या खर्चात हे कपाट भरेल.

माझी समितीला नम्र विनंती आहे. वर्षावासात धम्मग्रंथाचे वाचन आपण करतोच, ते तसेच चालू द्या. त्याच्या जोडीला आठवड्यातून एक संध्याकाळ या पुस्तकांसाठी ठेवा. रोवणीच्या दिवसांत बाया थकून येतात, म्हणून अर्ध्या तासाच्या वर नको. एकाने एक पान वाचायचे, आणि ज्याला वाचता येत नाही त्याने प्रश्न विचारायचा. हा मान त्याचा. ग्रामसभेची नोटीस लागली की तीही आदल्या दिवशी इथेच वाचायची. आणि पुस्तक घरी नेणाऱ्याचे नाव लिहायला एक वही ठेवा. पुस्तक हरवले तरी चालेल, कुलुपात राहिले तर चालणार नाही.

बंधू-भगिनींनो, आपल्या पवनीला १९६९-७० साली उत्खनन झाले, तेव्हा बौद्ध स्तूपाचे अवशेष सापडले. तिथल्या दगडांवर ब्राह्मी अक्षरांत दान देणाऱ्या उपासक-उपासिकांची नावे कोरलेली आहेत. दोन हजार वर्षांपूर्वी या मातीतली माणसे आपली नावे अक्षरांत ठेवून गेली. मध्ये कित्येक पिढ्या आपल्याकडून अक्षर हिरावले गेले. माझ्या वडिलांपर्यंत ते आले नाही, माझ्यापर्यंत आले. आणि आलेले अक्षर मी न वाचता सही करण्यात घालवले, ही माझी चूक तुम्ही करू नये, एवढ्यासाठीच आज उभा राहिलो.

भाषण संपवतो. जेवणाआधी सगळे मिळून ती किल्ली तेवढी शोधू या. आणि सापडली की खिशात नको, तिथे समोरच्या खिळ्याला टांगू या.

नमो बुद्धाय ! जयभीम !