बत्तीस मिनिटांची साक्ष

(व्याख्यान)



नात्सी छळछावण्यांतील बंदिवानांच्या मुक्ततेस १९५५ साली दहा वर्षे पूर्ण झाली. त्या निमित्ताने फ्रान्समधील दुसऱ्या महायुद्धाच्या इतिहास समितीच्या पुढाकाराने ‘न्वी ए ब्रुयार’, अर्थात ‘रात्र आणि धुके’, हा अवघ्या ३२ मिनिटांचा माहितीपट निर्माण झाला.

तरुण दिग्दर्शक आलँ रेने यांनी प्रारंभी नकारच दिला होता. ज्याने छावणी भोगली नाही, त्याने त्याविषयी बोलावे कसे? माउथहाउझेन-गुझेन छावणीतून जिवंत परतलेले कवी ज्याँ कायरोल निवेदन लिहिणार, हे ठरल्यावरच ते राजी झाले. निवेदनास अंतिम आकार देण्यास क्रिस मार्कर यांनी साहाय्य केले. संगीत दिले हिटलरच्या राजवटीमुळे मायदेश सोडावा लागलेल्या हान्स आइस्लर यांनी.

ऑश्विट्झ येथील हिरवे गवत चित्रपटात रंगीत दिसते. भूतकाळ मात्र कृष्णधवल. एका प्रसंगी स्त्रियांच्या कापलेल्या केसांचे ढीग दिसतात आणि पाठोपाठ त्यांपासून विणलेल्या कापडाचे तागे. केसांचा दर किलोवर ठरलेला होता. माणसाचा माल झाला, की क्रौर्यही नित्याच्या खतावणीत सुखाने नांदते!

सत्य सांगण्याची किंमतही द्यावी लागली. फ्रान्समधील एका छावणीच्या छायाचित्रात पहाऱ्यावरील फ्रेंच शिपायाची टोपी दिसत होती. ती झाकल्याशिवाय परीक्षण मंडळाने परवानगी दिली नाही. मूळ दृश्य पुढे कालांतराने पूर्ववत झाले. १९५६ साली पश्चिम जर्मनीच्या आक्षेपामुळे कान महोत्सवाच्या स्पर्धेतून चित्रपट वगळण्यात आला. तथापि त्याच देशासाठी निवेदनाचा जर्मन अनुवाद झाला आणि तो केला पाउल सेलान या ज्यू कवीने, ज्याचे आईवडील नात्सी छळात मृत्युमुखी पडले होते.

या कृतीत उणीवही आहे. सर्वाधिक बळी गेलेल्या ज्यू समाजाचा उल्लेख निवेदनात जेमतेम एकदा येतो. साक्षीदारांच्या साक्षीलाही मर्यादा असतात, हे यावरून उमगते.

अखेरीस मुकादम आणि अधिकारी, दोघेही जबाबदारी नाकारतात. मग जबाबदार कोण, हा प्रश्न प्रेक्षकावर येऊन ठेपतो. आपल्या हातून जाणाऱ्या प्रत्येक मालामागे, प्रत्येक सहीमागे कोणाचे अश्रू तर नाहीत ना, हे विचारण्याची सवय जडली, तरी त्या बत्तीस मिनिटांचे सार्थक झाले म्हणावे.