सदू शिंदे : सात कसोटी सामन्यांचा गोलंदाज

भाताची कापणी आटोपली, की खानापूर तालुक्यातील गुंजीसारख्या गावांतही मोकळ्या शेतांत मुलांचा क्रिकेटचा डाव रंगू लागतो. त्या डावात वेगाने चेंडू टाकण्याची हौस बहुतेकांना असते. मनगट वळवून चेंडू फिरविण्याच्या वाटेला मात्र एखादाच जातो. ती वाट कष्टाची आहे. शिवाय तिच्यावरील यश सर्वस्वी गोलंदाजाच्या हाती नसते. फिरलेल्या चेंडूने फलंदाज चकला, तरी उडालेला झेल दुसऱ्या कोणी तरी घ्यावा लागतो. या वाटेने लॉर्ड्सच्या मैदानापर्यंत पोहोचलेल्या सदाशिव गणपतराव शिंदे यांची कारकीर्द याच सत्याची साक्ष देते.

शिंदे यांचा जन्म १८ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबईत झाला. लेगब्रेक आणि गुगली ही त्यांची अस्त्रे. लेगब्रेक उजव्या हाताच्या फलंदाजापासून दूर वळतो. गुगली तशाच हालचालीने टाकला जातो, परंतु उलट आत येतो. १९४३ च्या हंगामात मुंबईविरुद्ध महाराष्ट्राकडून खेळताना या वीस वर्षांच्या तरुणाची कठोर परीक्षा झाली. विजय मर्चंट यांनी त्या सामन्यात नाबाद ३५९ धावा केल्या आणि मुंबईची धावसंख्या सातशेच्या पलीकडे गेली. अशा डावात गोलंदाजाचा धीर सुटावा, हेच स्वाभाविक. शिंदे मात्र पंचाहत्तर षटकांपर्यंत चेंडू टाकीत राहिले आणि १८६ धावांत त्यांनी पाच बळी घेतले.

१९४६ साली ते भारतीय संघाबरोबर इंग्लंडला गेले आणि लॉर्ड्सवर त्यांचा पहिला कसोटी सामना झाला. पहिल्या डावात शेवटच्या जोडीत त्यांनी रुसी मोदी यांना साथ दिली व भारताची धावसंख्या दोनशेपर्यंत नेली. त्यानंतर मात्र कसोटी संघाचे दार त्यांच्यासाठी पुन्हा उघडावयास पाच वर्षे लागली.

ते उघडले १९५१ च्या नोव्हेंबरात, दिल्लीला. इंग्लंडचा पहिला डाव २०३ धावांत आटोपला, आणि त्यांतील सहा बळी एकट्या शिंदे यांचे होते. त्यांनी दिलेल्या धावा ९१. मर्चंट यांनी १५४ आणि विजय हजारे यांनी नाबाद १६४ धावा काढल्या. भारताने सहा बाद ४१८ वर डाव सोडला, तेव्हा आघाडी २१५ धावांची होती. १९३२ पासून कसोटी क्रिकेट खेळणाऱ्या भारताने तोवर एकही कसोटी सामना जिंकला नव्हता. तो पहिला विजय आता दृष्टिपथात आला होता.

दुसऱ्या डावात शिंदे यांनी ७३ षटके टाकली. फलंदाज फसत होते, झेल उडत होते. परंतु ते हातांतून निसटत होते. ॲलन वॉटकिन्स हे सुमारे नऊ तास खेळपट्टीवर ठाण मांडून बसले आणि १३७ धावा काढून नाबाद राहिले. इंग्लंडने सहा बाद ३६८ पर्यंत मजल मारली व सामना अनिर्णित राहिला. १६२ धावांत दोन बळी, एवढीच शिंदे यांच्या त्या श्रमाची नोंद झाली. धावफलकावर सुटलेल्या झेलांसाठी रकाना नसतो.

तो विजय अखेर फेब्रुवारी १९५२ मध्ये मद्रासला मिळाला. विनू मंकड यांनी त्या सामन्यात बारा बळी घेतले आणि देशभर आनंद झाला. त्या विजयी संघात शिंदे नव्हते. त्याच वर्षी ते पुन्हा इंग्लंडला गेले. लीड्सच्या सामन्यात दुसऱ्या डावात भारताचे चार गडी एकही धाव न होता बाद झाले. तो पडता काळ त्यांनीही पाहिला. पुढचा लॉर्ड्सचा सामना त्यांचा अखेरचा कसोटी सामना ठरला. जेथे आरंभ झाला, तेथेच शेवट झाला. तेव्हा त्यांचे वय अवघे अठ्ठावीस होते.

फिरकी गोलंदाजाला वयाबरोबर शहाणपण येते, असे म्हणतात. शिंदे यांना ते वयच लाभले नाही. जून १९५५ मध्ये मुंबईत विषमज्वराने त्यांचे निधन झाले. बत्तीस वर्षेही पुरी झाली नव्हती. पुढे ज्येष्ठ राजकीय नेते शरद पवार यांच्याशी विवाहबद्ध झालेल्या प्रतिभाताई या त्यांच्याच कन्या होत.

सात कसोटी सामने, बारा बळी आणि प्रत्येक बळीमागे जवळजवळ साठ धावा, एवढाच हिशेब पाहणाऱ्यास हा गोलंदाज सामान्य वाटेल. प्रथम श्रेणीच्या ७९ सामन्यांतील २३० बळी मात्र वेगळी कथा सांगतात. आणि दिल्लीचा तो दुसरा डाव तर आकड्यांत मावतच नाही. झेल सुटल्यावरही पुढचा चेंडू तितक्याच निष्ठेने टाकावा लागतो. ज्याने त्या एका डावात ७३ षटके तो टाकला, त्याची योग्यता केवळ बळींच्या संख्येने मोजणे हा अन्याय होईल.