बटाटे सोलायला लागतो तेवढा वेळ
(कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषण)

मैत्रिणींनो, प्रायोगिक सिनेमा म्हटलं की वाटतं, हे विद्वानांचं काम, आपण कशाला त्यात पडा! म्हणून आज एकाच चित्रपटाबद्दल बोलते. शान्ताल आकेरमान या बेल्जियन दिग्दर्शिकेनं तो १९७५ साली, ऐन पंचविशीत केला. नाव म्हणजे नायिकेचा पत्ताच: 'झान दिल्मान, २३ के द्यु कोमेर्स, १०८० ब्रुसेल'. लांबी २०१ मिनिटं.

एक विधवा, तिचा शाळकरी मुलगा आणि तीन दिवस. ती बटाटे सोलते, भांडी घासते, खोलीतून निघताना दिवा बंद करते. दुपारी एक गिऱ्हाईक येतं. त्याचे पैसे ती टेबलावरच्या झाकणाच्या भांड्यात टाकते. कॅमेरा जागचा हलत नाही. पार्श्वसंगीत नाही.

नेहमीच्या सिनेमात आईनं लाटणं हातात घेतलं की पुढच्या क्षणी ताट वाढलेलं असतं. मधला वेळ कापलेला. इथे तो कापलेला नाही. पहिल्या तासात कंटाळा येतो, हे कशाला लपवा? पण त्याच तासात तिची शिस्त आपल्याला पाठ होते. दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात. पातेलं हातात घेऊन ती घरभर फिरते, काय करावं सुचत नाही. पैशांच्या भांड्यावर झाकण ठेवायचं राहतं, आणि तेवढ्यानं आपल्या पोटात गोळा येतो! शेवटी ती एका गिऱ्हाइकाला कात्रीनं मारते. काही जणी त्याला बंड म्हणतात. मला ते पटत नाही. माझ्या लेखी खरी घटना त्या बटाट्यांपाशीच घडून गेलेली असते.

'साइट अँड साउंड' या ब्रिटिश मासिकाच्या २०२२ च्या समीक्षक-कौलात हा चित्रपट पहिला आला. बाईनं केलेला चित्रपट तिथे प्रथमच पहिला आला.

वस्तीत मी बायकांना विचारते, काय करता? उत्तर ठरलेलं: काही नाही, घरीच असते. सरकारच्या २०१९ च्या वेळ-वापर पाहणीत मात्र घरकाम करणाऱ्या बायकांचा रोजचा वेळ सरासरी २९९ मिनिटं निघाला, पुरुषांचा ९७. म्हणजे हा 'लांबलचक' सिनेमा त्यांच्या एका दिवसाच्या कामापेक्षा दीड तासानं आखूडच!

गटात दाखवायचा तर तुकडे पाडून नको, सलगच दाखवू. पण सलग साडेतीन तास बसायला आपल्यातली कोण मोकळी आहे? त्या दिवशी पोरं कोण सांभाळणार, रात्रीचा स्वयंपाक कोण करणार, ते आधी घरोघरी बोलून घ्या. तारीख मग ठरवू.