लग्न केलं की राजीनामा

ब्रिटनच्या परराष्ट्र सेवेचं दार स्त्रियांना उघडलं ते १९४६ साली. त्याआधी, १९३० च्या दशकात, हा प्रश्न समितीपुढे गेला आणि नकार घेऊन परतला. आक्षेप काय, तर परदेशात बाईचं म्हणणं मनावर कोण घेणार! मग महायुद्ध आलं आणि १९४२ मध्ये मूळच्या कॅनडाच्या मेरी मॅकगीची यांना वॉशिंग्टनच्या ब्रिटिश वकिलातीत राजनैतिक दर्जा मिळाला.

पुढे भरती सुरू झाली, पण एक अट होतीच: लग्न केलं की नोकरी सोडायची. गंमत अशी, की पुरुष अधिकाऱ्याची बायको मात्र वकिलातीला हवीच असे. मेजवान्या, पाहुण्यांची सरबराई, सगळं तिच्याच गळ्यात, तेही बिनपगारी.

ही अट १९७३ मध्ये सुटली.

बार्बरा सॉल्ट यांची १९६२ मध्येच इस्रायलमधील राजदूतपदी निवड झाली होती. गंभीर आजारामुळे त्या रुजू होऊ शकल्या नाहीत. त्यामुळे पहिल्या महिला राजदूत ठरल्या ॲन वॉरबर्टन. त्या १९७६ मध्ये डेन्मार्कला गेल्या. वॉशिंग्टनच्या मानाच्या खुर्चीवर कॅरेन पियर्स बसल्या, तेव्हा २०२० साल उजाडलं होतं.