भूमिका कोण देतं?



विंगेत रंगवलेले चेहरे ताटकळलेत, ते इथून दिसतायत. म्हणून एकच गोष्ट सांगतो आणि बसतो.

१९८४ सालचा ‘इंडियाना जोन्स अँड द टेम्पल ऑफ डूम’ आपल्याकडे लक्षात राहिला तो अमरीश पुरींच्या मोलारामामुळे. त्यात नायकाबरोबर धावणारा एक चुणचुणीत पोरगा होता, शॉर्ट राउंड. ती भूमिका करणारा के ह्युई क्वान. जन्म १९७१ चा, सायगावचा. कुटुंब चिनी वंशाचं. १९७८ मध्ये त्यांनी देश सोडला. वडील त्याला आणि काही भावंडांना घेऊन हाँगकाँगच्या निर्वासित छावणीत पोचले, आई उरलेल्या मुलांसह मलेशियात. १९७९ मध्ये कुटुंब अमेरिकेत आलं.

१९८५ मध्ये ‘द गूनीज’ गाजला. मग पोरगा मोठा झाला आणि कामं आटली. अभिनय तोच होता, पण आशियाई चेहऱ्याच्या तरुणासाठी धड भूमिकाच लिहिल्या जात नव्हत्या. त्यानं सिनेमाचं शिक्षण घेतलं, ‘एक्स-मेन’च्या मारामाऱ्या बसवायला हातभार लावला, वाँग कार-वाईंच्या ‘२०४६’साठी सहायक म्हणून राबला. कॅमेऱ्यामागे, पण सिनेमातच.

२०१८ मध्ये त्यानं ‘क्रेझी रिच एशियन्स’ पाहिला. पडदाभर आपल्यासारखी माणसं! त्याला पुन्हा उभारी आली. पुढे ‘एव्हरीथिंग एव्हरीव्हेअर ऑल ॲट वन्स’मध्ये तो झाला वेमंड, परमुलखात लाँड्री चालवणारा, बायकोशी अर्धं चिनीत, अर्धं इंग्रजीत बोलणारा मवाळ नवरा. शॉर्ट राउंडच्या मोडक्या इंग्रजीला लोक हसले होते. वेमंडच्या दोन भाषांत त्यांना एक अख्खा संसार ऐकू आला. मार्च २०२३ मध्ये याच भूमिकेला ऑस्कर मिळालं.

आता तुम्हा विद्यार्थ्यांच्या एकांकिकेकडे येतो. ज्याची बोली वेगळी, त्याला आपण हमखास गडी करतो, नाहीतर वॉचमन. प्रेक्षक हसतात, तोही हसतो. माझ्या कॉलेजात मी हेच केलं. गावाकडून आलेल्या मित्राला तीन वर्षं गडीच ठेवलं आणि टाळ्या मिळाल्या म्हणून खूश झालो. तुला काय करायचंय, हे मात्र कधी विचारलं नाही.

पुढच्या वर्षी पात्रं वाटताना तुम्ही तेवढं विचारा.