जवसाचा वाख : बियाण्याआधी गिरणीचे बोला
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



लिननचा सदरा सुती सदऱ्याहून महाग विकतो. ते कापड जवसाच्या काडातून काढलेल्या वाखाचे असते. जवस तर आपणही रब्बीत पेरतो. मग बी झोडून उरलेले काड आपण जाळतो कशाला, असे गावोगाव विचारले जाते.

आपला जवस तेलाचा. दीड-दोन फूट वाढतो, फांद्या फोडतो, बोंडे धरतो. धाग्याचा जवस तीन फुटांवर सरळसोट जातो. फांद्या फुटू नयेत म्हणून तो दाट पेरतात. वाख मुळापर्यंत असतो म्हणून कापत नाहीत, उपटतात. फ्रान्स-बेल्जियममध्ये मार्च-एप्रिलात पेरणी आणि जुलैत उपटणी होते.

उपटलेले काड तिथे शेतातच पसरतात. दव आणि ऊब मिळून बुरशी धरते आणि वाख काडीला चिकटवणारा डिंक खाते. त्याला काही आठवडे लागतात. आपली काढणी फेब्रुवारी-मार्चात, दव सरून ऊन चढलेले. म्हणजे अंबाडीसारखे काड पाण्यात भिजवणे आले. जिथे मायबहिणींना हंडाभर पाण्यासाठी पायपीट, तिथे हे पाणी आणायचे कुठून? आणि ते सडले की सोडायचे कोणत्या नाल्यात?

आता हिशेब करू. तयार झालेल्या शंभर किलो काडातून लांब वाख निघतो वीस-पंचवीस किलो. थोडा तोकडा वाख, आणि निम्म्याच्या आसपास भुसकट. असले हलके, फुगीर काड लांब नेले तर भाड्यातच सारे जाते. म्हणून गिरणी शेताजवळ लागते. नॉर्मंडीत अशा कित्येक गिरण्या शेतकऱ्यांच्या सहकारी मालकीच्या आहेत. वाखाचे पैसे त्यांचे, भुसकटाचेही त्यांचेच. आपण मात्र कापूस सरकीसकट देतो. पुढे रुई, तेल, पेंड वेगवेगळी विकून कमावणारा दुसराच. जवसातही तेच करायचे काय?

तेव्हा आपण ठरवू. धाग्याच्या जवसाचे बियाणे घेऊन कोणी आला तर तीन प्रश्न विचारायचे. गिरणी किती कोसांवर? भिजवायला पाणी कोणाचे? काड कोण, कोणत्या भावाने घेणार, ते कागदावर आहे काय?

तेल आणि धागा दोन्ही देणारे जीवन, गौरव असे वाण देशात निघाले आहेत. ते आपल्या कोरडवाहू काळ्या रानात गुंठाभर लावून पाहू. उत्तरे मिळेपर्यंत बाकीच्या रानात तेलाचाच जवस. प्रयोग गुंठ्यावर करायचा, सातबाऱ्यावर नाही.